गडचिरोलीत उघडलेलं दार परळीतही उघडा

प्रति,
मा. श्री. देवेंद्र फडणवीस,
मुख्यमंत्री तथा गृहमंत्री, महाराष्ट्र राज्य.

महोदय,



१५ ऑक्टोबर २०२५ रोजी गडचिरोलीत माओवादी नेता मल्लोजुला वेणुगोपाल राव ऊर्फ भूपती याने साठ साथीदारांसह आपल्यासमोर शस्त्रं खाली ठेवली. आयुष्यातली बरीच दशकं जंगलात काढलेला, डोक्यावर कोट्यवधींचं बक्षीस असलेला तो माणूस. त्याआधी त्याच वर्षी गडचिरोलीतच आत्मसमर्पण केलेल्या जोडप्यांच्या सामूहिक लग्नाला आपण हजर राहिला होतात. राज्याची आत्मसमर्पण योजना २००५ पासून चालू आहे. तिच्यात रोख मदत आहे, घरकुल आहे, आधार कार्ड आणि बँक खातं काढून देण्यापासून कामाचं शिक्षण देण्यापर्यंतची सोय आहे. कोनसरीच्या लोखंड कारखान्यात यातल्या काही जणांना नोकऱ्याही लागल्या. ज्यांनी पोलिसांवर गोळ्या झाडल्या त्यांना सरकारने गावात जागा करून दिली. हे आपण योग्यच केलंत. वाद घालण्यासाठी मी लिहीत नाही.

मी परळी वैजनाथच्या कोर्टात फौजदारी वकिली करतो, आणि माझा प्रश्न त्याच्या पुढचा आहे. परळीतल्या टोळीत अडकलेल्या एखाद्या बावीस वर्षांच्या पोराला उद्या सकाळी वाटलं, की आता हे बस झालं, तर त्याने जायचं कुणाकडे? गडचिरोलीत त्याला पोलीस अधीक्षकांचं कार्यालय माहीत असतं. परळीत तो पोलीस ठाण्यात गेला तर बसवून ठेवतील आणि जुन्या गुन्ह्यातला कुणी फरार आहे का, ते विचारतील. आपल्या राज्यात बंदूक टाकून देणाऱ्याला पत्ता आहे. कोयता टाकून देणाऱ्याला नाही.

बीड जिल्ह्याचं नाव गेली दीड-दोन वर्षं कशासाठी घेतलं जातं, ते आपल्याला सांगायला नको. ९ डिसेंबर २०२४ रोजी केज तालुक्यातल्या मस्साजोगचे सरपंच संतोष देशमुख यांचं अपहरण करून त्यांचा खून झाला. पवनऊर्जा कंपनीकडच्या खंडणीचा धागा त्यात आहे असं तपास यंत्रणेचं म्हणणं आहे. मकोका लागला, खटला कोर्टात आहे. त्यावर मी काही लिहिणार नाही. एवढंच लक्षात आणून देतो, की त्या प्रकरणातले काही आरोपी विशीतले आहेत. त्यांच्या आयुष्यात कुठला तरी पहिला गुन्हा असेल, कुठली तरी पहिली अटक असेल. त्या पहिल्या अटकेनंतरच्या आठवड्यात सरकारी यंत्रणेतलं कोण त्यांच्याशी दोन शब्द बोललं, हा प्रश्न कोणत्याही दोषारोपपत्रात येत नाही. तो गृहमंत्र्यांनाच विचारावा लागतो.

त्या खुनानंतर जिल्ह्यात बरंच काही झालं. बाराशेच्या वर शस्त्रपरवाने होते, त्यातले पुष्कळ रद्द झाले. पोलिसांच्या छातीवरच्या पाट्यांवरून आडनावं गेली. एकमेकांना नावाने हाक मारा, जातीने ओळखू नका, असं सांगण्यात आलं. मला ते आवडलं. मकोका, एमपीडीएखालची स्थानबद्धता, तडीपारी यांचे प्रस्ताव वाढले. तडीपारीबद्दल मात्र वकिलीच्या अनुभवातून एक सांगतो: महाराष्ट्र पोलीस कायद्याच्या कलम ५६ खाली दोन वर्षांपर्यंत माणसाला जिल्ह्याबाहेर काढता येतं, पण जिल्ह्याबाहेर म्हणजे काही चंद्रावर नाही. आमचे तडीपार शेजारच्या जिल्ह्यांत हिंडतात, तिकडचे आमच्याकडे. तिथे त्यांना घर नसतं, काम नसतं, ओळख असते ती फक्त आपल्यासारख्याच तडीपारांची. दोन वर्षांनी परत येतो तो जास्त मोठा होऊन येतो.

आता हे पोरगं घडतं कसं ते सांगतो. माझ्याकडे येणाऱ्या लेकरांची गोष्ट थोड्याफार फरकाने एकच असते. आई-बाप दसरा-दिवाळीच्या सुमाराला मुकादमाची उचल घेऊन कोयत्यासह पश्चिम महाराष्ट्रात नाहीतर कर्नाटकात कारखान्यावर जातात. लेकरू आजीजवळ राहतं. बारावी अर्धी, नाहीतर आयटीआयचं सर्टिफिकेट हातात आणि काम नाही. मग कुणाच्या तरी हायवावर क्लीनर. रात्री औष्णिक केंद्राची राख भरायची, पहाटे वीटभट्टीवर खाली करायची. हळूहळू एखाद्या ‘दादा’च्या वाढदिवसाच्या बॅनरवर खालच्या ओळीत पासपोर्ट साइज फोटो झळकतो. हातात पिस्तुलासारखं काहीतरी धरून रील निघतं. एका रात्री ढाब्यावर भांडण होतं, कुणीतरी हत्यार काढतं, आणि फिर्यादीत सात नावं येतात. सातवं नाव याचं. हा तिथे उभा होता की मारत होता, हे ठरायला आपल्याकडे सहा-सात वर्षं लागतात.

अटकेच्या दुसऱ्या दिवशी काय होतं, ते या पत्राचं मुख्य कारण आहे. आई-बाप कारखान्यावर असतात. आजीला कोर्ट कुठे आहे ते माहीत नसतं. अशा वेळी कोर्टाच्या आवारात दादाचा माणूस येतो. तो वकील ठरवतो, सातबारा असलेला जामीनदार आणतो, सॉल्व्हन्सी काढतो, पोराला बीडच्या कारागृहात खर्चाला पैसे पाठवतो, आजीच्या घरी किराणा टाकतो. जामीन झाला की तुरुंगाच्या दारात गाडी उभी असते, फटाके वाजतात, स्टेटसला फोटो पडतो. अशा प्रकरणांत माझी फी पुष्कळदा कुणाच्या खिशातून आलेली असते, ते मी इथे लिहीत नाही. आपण स्वतः कायद्याचे पदवीधर आहात, समजून घ्याल.

कडवट वाटेल, पण खरं आहे: सुटलेल्या आरोपीचं पुनर्वसन करणारी आमच्याकडची सर्वांत तत्पर संस्था म्हणजे टोळी. तिला अर्ज लागत नाही, रहिवासी दाखला लागत नाही, ती सुट्टीच्या दिवशीही चालू असते. ती वकील देते, जामीन देते, रोजगार देते, आजारपणात पैसे देते. आणि हे सगळं ती फुकट देत नाही. पुढचा गुन्हा हा त्या उपकाराचा हप्ता असतो. ज्या पोराने पहिल्यांदा भांडणात उभं राहण्याची चूक केली, तो दुसऱ्यांदा हप्ता फेडायला जातो. तेव्हा तो आपल्या मर्जीने गेला असं कोर्टाला दिसतं.

म्हणून माझं सांगणं साधं आहे. टोळी पोचायच्या आधी सरकारने पोचलं पाहिजे. पाच वर्षांनी शिक्षा झाल्यावर हर्सूलच्या कारागृहात समुपदेशन करून उपयोग नाही. पहिल्या अटकेच्या पहिल्या आठवड्यात पोचायला हवं.

त्यासाठी नवा कायदा करा असं मी म्हणत नाही. कायदे आहेत, आणि चांगले आहेत. परिवीक्षेचा कायदा, म्हणजे प्रोबेशनचा, १९५८ पासून आहे. किरकोळ आणि मध्यम गुन्ह्यांत पहिल्यांदा दोषी ठरलेल्याला तुरुंगात न पाठवता चांगल्या वर्तणुकीच्या बंधपत्रावर, परिवीक्षा अधिकाऱ्याच्या देखरेखीखाली सोडता येतं. एकवीस वर्षांखालच्या आरोपीला तुरुंगात पाठवायचं असेल तर कोर्टाला त्याची कारणं लिहावी लागतात. आणि कलम १२ तर सोन्याचं आहे: या कायद्याखाली सुटलेल्याला दोषसिद्धीमुळे येणारी अपात्रता लागत नाही. ते कलम माहीत असलेला नोकरी देणारा मला अजून भेटायचा आहे.

पण परिवीक्षा अधिकारी आपल्या राज्यात महिला व बालविकास खात्याखाली येतो, गृहखात्याखाली नाही. तो जिल्ह्याच्या ठिकाणी बसतो. परळीहून बीड नव्वद किलोमीटरच्या आसपास. बालसंगोपन, बालविवाह, बालकल्याण समिती यांची कामं त्याच खात्याच्या गळ्यात. अशा माणसाने परळीच्या गल्लीत येऊन पोराचं घर बघायचं, शेजाऱ्यांना विचारायचं आणि कोर्टाला अहवाल द्यायचा, ही अपेक्षा कागदावर शोभते. अहवाल वेळेत येत नाही, म्हणून वकील परिवीक्षा मागत नाहीत. मागत नाहीत म्हणून न्यायाधीश देत नाहीत. कायदा अडुसष्ट वर्षांचा होत आला, आणि आमच्या तालुक्यात तो नवाच आहे.

१ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली आणि शिक्षेच्या यादीत समाजसेवा आली. सहा गुन्ह्यांना ती देता येते. त्यात पाच हजारांखालच्या मालाची पहिली चोरी आहे, दारू पिऊन सार्वजनिक जागी धिंगाणा घालणं आहे. मला यात आनंद आहे. पण न्यायाधीशांनी ही शिक्षा द्यायची, तर काम कुठलं, हजेरी कोण घेणार, काम नीट झालं असं कोण लिहून देणार? परळीच्या कोर्टाच्या भिंतीवर एक यादी लागलेली हवी: अंबाजोगाईचं स्वामी रामानंद तीर्थ वैद्यकीय महाविद्यालयाचं रुग्णालय, वैजनाथ मंदिराचा परिसर, नगरपरिषदेची रोपवाटिका, ग्रंथालय. प्रत्येकापुढे जबाबदार माणसाचं पद आणि फोन. महाशिवरात्रीला आमच्या गावात लाखो पावलं येतात. त्या गर्दीत पाणी वाटणाऱ्या चोराला पाहून कुणाच्या भावना दुखावतील असं मला वाटत नाही. वैजनाथाच्या तर नाहीच दुखावणार.

भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४७९ मध्ये चांगली तरतूद आली आहे. पूर्वी कधी शिक्षा न झालेला कच्चा कैदी कमाल शिक्षेच्या एक तृतीयांश काळ आत राहिला, की त्याला बंधपत्रावर सोडायचं, आणि त्यासाठी कारागृह अधीक्षकाने स्वतः कोर्टाला लिहायचं. देशाच्या तुरुंगांत २०२२ च्या अखेरीस ५ लाख ७३ हजार माणसं होती, त्यातली ४ लाख ३४ हजार शिक्षा न झालेली. त्यांच्यासाठीच हे कलम. पण त्याच कलमाचं पोटकलम वाचा: एकाहून जास्त गुन्हे प्रलंबित असतील तर ही सवलत नाही. आमच्या पोरावर ढाब्याच्या भांडणाचा एक आणि मिरवणुकीतल्या दगडफेकीचा एक, असे दोन असतात. झालं. केंद्राने २०२३ मध्ये गरीब कैद्यांसाठी योजना आणली, जामिनाचे पैसे भरते म्हणून. तिच्यासाठी जिल्हा समितीने बसायचं असतं. दादाचा माणूस दुपारपर्यंत पैसे भरून मोकळा होतो. कुठलं दार आधी उघडतं ते पोराला बरोबर कळतं.

आता एक गोष्ट जी मुंबईत बसून कुणाला सुचणार नाही, म्हणून जरा सविस्तर लिहितो. जामिनाची अट असते: दर रविवारी, किंवा पंधरा दिवसांतून एकदा, पोलीस ठाण्यात हजेरी. शिवाय कोर्टाची तारीख. पोरगं शहाणं होऊन, टोळी सोडून, आई-बापांबरोबर ऊसतोडीला जायचं म्हणतं. आमच्या भागात याहून शहाणा निर्णय कुठला? तो घरच्यांच्या नजरेखाली राहील, रात्री थकून झोपेल, दादा शंभर कोसांवर राहील. पण हंगाम ऑक्टोबर-नोव्हेंबरला सुरू होतो तो मार्च-एप्रिलपर्यंत. ऊसतोडीची टोळी कागलला नाहीतर बेळगावकडे. दर रविवारी परळीला यायचं तर मुकादम उचल वसूल करतो, आणि नाही यायचं तर हजेरी चुकते, तारीख चुकते, अजामीनपात्र वॉरंट निघतं. फडातून उचलून आणलेल्या पोराला परत बीडच्या कारागृहात जाताना मी पाहिलं आहे. गुन्हा त्याने दुसरा केलेलाच नव्हता. कष्टाला गेला, एवढंच.

याला पैसाही लागत नाही. हजेरी त्या कारखान्याजवळच्या पोलीस ठाण्यात लावता येते, एका फोनवर आणि एका नोंदवहीवर. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५३० ने सगळी कामकाजं दृक्श्राव्य माध्यमातून चालवायची मुभा दिली आहे. तारखेला कागलच्या कोर्टातून परळीच्या न्यायाधीशांसमोर उभं राहायला अडचण काय? उच्च न्यायालयाशी बोलून आपल्या खात्याने एवढं केलं, तर शेकडो वॉरंटं निघायचीच नाहीत. आणि पोलिसांचेही वॉरंट बजावण्याचे फेरे वाचतील.

यानंतर कामाचा प्रश्न. परळीत काम म्हणजे काय? १९७१ मध्ये तीस मेगावॉटच्या संचाने सुरू झालेलं औष्णिक केंद्र. आज अडीचशे मेगावॉटचे तीन संच. २०१५ च्या दुष्काळात पाणीच नाही म्हणून केंद्र बंद पडलं, तेव्हा गावाचा बाजारही बंद पडल्यासारखा झाला होता. वीज तारांमधून निघून जाते. राख मात्र दाऊतपूर-दादाहरी वडगावच्या शिवारात आमच्यासाठीच राहते. त्या राखेवर वीटभट्ट्या चालतात, आणि त्या राखेवरच दादागिरी चालते. डिसेंबर २०२४ च्या नागपूर अधिवेशनात हा विषय सभागृहात गाजला. आपण तिथे होतात. वीज केंद्रांनी सगळी राख वापरात आणलीच पाहिजे, असं केंद्र सरकारची ३१ डिसेंबर २०२१ ची अधिसूचना सांगते. म्हणजे राख उचलण्याचं काम कमी होणार नाही. प्रश्न एवढाच, की ते कुणाच्या हुकमाने उचललं जाणार.

माझी सूचना अशी. राखेच्या भराईचा आणि वाहतुकीचा काही हिस्सा मजूर सहकारी संस्थांना द्या. दर जाहीर, वजनकाटा ऑनलाइन, पैसे थेट खात्यात. त्या संस्थांमध्ये परिवीक्षेवरच्या आणि सुटून आलेल्या तरुणांसाठी काही जागा ठेवा. ज्या राखेने त्यांना बिघडवलं, तीच राख कायद्याने उचलून त्यांना पगार मिळू द्या. हे मंत्रालयात कुणाला भाबडं वाटेल. तसं वाटलं तर कोनसरीचा कारखाना त्यांना दाखवा.

गेटपासचाही प्रश्न आहे. औष्णिक केंद्रात ठेकेदाराकडे लागायचं तर पोलीस पडताळणी लागते. दाखल्यावर ‘गुन्हा प्रलंबित’ लिहून आलं की ठेकेदार कागद बाजूला सारतो. तो गुन्हा खुनाचा आहे की शिवीगाळीचा, शिक्षा झाली की नाही, हे कुणी वाचत नाही. निदान किरकोळ गुन्ह्यांत, शिक्षा न झालेल्यांसाठी, पडताळणीचा वेगळा नमुना करता येईल. ते गृहखात्याच्या एका परिपत्रकाचं काम आहे.

तुरुंगातल्या मजुरीबद्दलही दोन शब्द. २०२३ च्या वाढीनंतर कुशल कैद्याला दिवसाला ७४ रुपये, खुल्या वसाहतीत ९४ रुपये. सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये कैद्यांना न्याय्य मजुरी द्या आणि तिच्यातला वाटा पीडितांसाठी ठेवा, असं सांगितलं होतं. ७४ रुपयांतून पीडिताला काय देणार आणि घरी काय पाठवणार? राज्य सहकारी बँकेने २०२२ मध्ये येरवड्यात ‘जिव्हाळा’ नावाची कर्ज योजना सुरू केली: कैद्याला पन्नास हजारांपर्यंत कर्ज, सात टक्क्यांनी, तारणाशिवाय, मजुरीतून फेड. देशात असं पहिल्यांदाच झालं. कैद्याच्या घरची सावकारी थांबवायला याहून चांगलं काही मला सुचत नाही. ही योजना जिल्हा कारागृहांत आणि सुटल्यानंतरच्या पहिल्या वर्षालाही लागू करा.

आपलं राज्य या बाबतीत मागासलेलं नव्हतं, हे मुद्दाम लिहितो. १९३९ मध्ये औंध संस्थानात, आटपाडीजवळच्या माळावर, राजे भवानराव पंतप्रतिनिधींनी कैद्यांची खुली वसाहत काढली. कल्पना एका पोलिश इंजिनिअरची, मॉरिस फ्रिडमन यांची; भारतात राहून ते भारतानंद झाले होते. भिंत नाही, बेड्या नाहीत, कैद्याने कुटुंबासह राहायचं आणि शेत पिकवायचं. नाव ठेवलं स्वतंत्रपूर. माडगूळकर त्याच भागातले. गदिमांच्या कथेवर व्ही. शांतारामांनी १९५७ मध्ये ‘दो आँखें बारह हाथ’ काढला, बर्लिनला तो गौरवला गेला, आणि जगाने आपली वाहवा केली. वसाहत अजून आहे. पण तिथे तीस कैद्यांचीही सोय नाही. सिनेमाची प्रिंट आपण जपली. कल्पनेचा मात्र विस्तार केला नाही. पैठणला खुलं कारागृह आहे, चांगलं चालतं, पण तिथे पोचायला आधी जन्मठेपेसारखी लांब शिक्षा लागते आणि तिची बरीच वर्षं काढावी लागतात. भांडणातल्या सातव्या नावासाठी तिथे जागा नाही.

विनोबांनी १९६० मध्ये चंबळमध्ये डाकूंना शरण आणलं, जयप्रकाशांनी १९७२ मध्ये. या गोष्टी आपण भाषणांत सांगतो. परदेशातलं एकच उदाहरण देतो, कारण ते आमच्या गावाला लागू पडतं. स्कॉटलंडमधलं ग्लासगो हे शहर सुरामारीसाठी बदनाम होतं. २००५ मध्ये तिथल्या पोलिसांनीच हिंसा कमी करण्यासाठी वेगळा विभाग काढला. २००८ मध्ये त्यांनी टोळ्यांतल्या पोरांना बोलावून कोर्टाच्या दालनात बसवलं. पोलीस अधिकाऱ्याने सांगितलं, आम्ही तुम्हाला सगळ्यांना ओळखतो, यापुढे एकाने मारलं तर सगळ्या टोळीच्या मागे लागू. मग जखमा शिवणारे डॉक्टर बोलले. मग मारल्या गेलेल्या मुलाची आई बोलली. आणि शेवटी पोरांना एक फोन नंबर दिला: सोडायचं असेल तर यावर फोन करा, काम, शिक्षण, दारू सोडवणं, जे लागेल ते बघू. पुढच्या दशकभरात स्कॉटलंडमधले खून निम्म्याच्या आसपास आले. धाक आणि दार, दोन्ही एकाच दिवशी, एकाच दालनात. आमच्याकडे धाक आहे. नंबर नाही.

मला ठाऊक आहे, हे पत्र वाचून काही लोक चिडतील. ज्यांच्या घरातला माणूस गेला, ते म्हणतील, आमच्या लेकराला कुणी नंबर दिला होता? त्यांचा राग माझ्या सगळ्या युक्तिवादांहून खरा आहे. म्हणून स्पष्ट लिहितो. खुनाच्या, बलात्काराच्या, संघटित खंडणीच्या गुन्ह्यात मी सवलत मागत नाही. ज्याच्या फोनवरून टोळी हलते, त्या ‘आका’साठी तर मुळीच नाही. त्याच्यावर खटला लवकर चालवा, साक्षीदाराला संरक्षण द्या, निकाल लावा. उलट, आकाला खरी भीती वाटेल ती याच गोष्टीची, की त्याच्या मागची पोरं निघून गेली. गडचिरोलीत चळवळ खिळखिळी झाली ती नुसत्या चकमकींनी नाही. खालचे लोक निघून जाऊ लागले, म्हणून. आणि पीडितांच्या भरपाईच्या योजनेत जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून पैसे मिळायला जो वेळ लागतो, तो आधी कमी करा. आरोपीच्या पुनर्वसनाचा आदेश आणि पीडिताच्या भरपाईचा आदेश एकाच दिवशी निघाला, तर लोक पहिला स्वीकारतील.

आणखी एक. बीड-लातूर-सोलापूर पट्ट्यात पारधी, कैकाडी, उचल्या अशा जमाती आहेत, ज्यांना इंग्रजांच्या काळच्या गुन्हेगार जमाती कायद्याने जन्मतः गुन्हेगार ठरवलं. सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये त्यांना कोंडलं. ३१ ऑगस्ट १९५२ ला तो कायदा गेला. पण आमच्याकडे चोरी झाली की गाडी आजही आधी पारध्यांच्या पालावर जाते. ऑक्टोबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कारागृह नियमावल्यांतले जातीवर आधारलेले भेद घटनाबाह्य ठरवले. या लेकरांचं पुनर्वसन करायचं म्हणजे आधी संशय काढून घ्यायचा. त्यांच्यातल्या बहुतेकांनी सोडण्यासारखा गुन्हा केलेलाच नाही.

शेवटी मागण्या. परळी आणि अंबाजोगाई मिळून पूर्णवेळ परिवीक्षा अधिकारी नेमा, आणि त्याचं टेबल कोर्टाच्या आवारात ठेवा, म्हणजे दादाच्या माणसाच्या आधी तो पोराच्या आजीला भेटेल. त्याच्या जोडीला एक सामाजिक कार्यकर्ता द्या. मुंबईत टाटा समाज विज्ञान संस्थेचा ‘प्रयास’ प्रकल्प १९९० पासून कच्च्या कैद्यांबरोबर हे काम करतो आहे, त्यांच्याकडून शिका. पंचवीस वर्षांखालच्या, पहिल्या गुन्ह्यातल्या प्रत्येकाच्या रिमांडच्या वेळी मोफत विधी सहाय्य देणाऱ्या लोकअभिरक्षक कार्यालयाचा वकील तिथे हजर असेल असं पाहा. त्यात माझी काही प्रकरणं जातील, जाऊ द्या. हजेरी आणि तारखा ऊसतोडीच्या हंगामाप्रमाणे लावण्याचं परिपत्रक काढा. राखेच्या कामातला वाटा ठरवा. आणि एक नंबर द्या, जो रविवारीही उचलला जाईल, आणि तो पोलीस ठाण्याचा नसेल.

१७ सप्टेंबर २०२५ ला बीडपर्यंत रेल्वे आली. आता बीड ते परळी टप्प्याचं काम चालू आहे. त्यावर हजारो हात लागतील, त्यात ही पोरंही असू द्या. वरच्या मागण्यांतली पहिली परिपत्रकं पुढचा ऊसतोडीचा हंगाम सुरू व्हायच्या आत, म्हणजे ऑक्टोबरच्या आत काढावीत, एवढी विनंती. त्यानंतर आमची पोरं फडात जातील, आणि जी जाणार नाहीत ती दादाच्या ऑफिसात.

आपला,
परळी वैजनाथ येथील एक वकील